कळसच्या गोठ्यातली पेटी

सरकारी नोकरीत आल्यापासून भौतिकशास्त्र कमी आणि भंगारवाल्यांच्या मिनतवाऱ्या जास्त, असं माझं झालंय. त्याआधी बरीच वर्षं मी बारामतीत एका कंपनीच्या संशोधन विभागात होतो. टाकी न उघडता आतल्या द्रवाची पातळी मोजणारी यंत्रं आम्ही बनवायचो. त्यांच्यात शिशाच्या जड पेटीत किरणोत्सारी पदार्थाची एक गोळी असते; पेटीची झडप उघडी असली की तिची किरणं बाहेर पडतात. कारखाना बंद झाला की ती पेटी सरकारला कळवून परत करायची. एका शहाण्या मालकानं ती सरळ भंगारात घातली आणि शोधायचं काम माझ्या गळ्यात आलं.

इंदापूरचा भंगारवाला आधी ताकास तूर लागू देईना. पोलिसांचं नाव काढल्यावर म्हणाला, "सायेब, ती कळसला गेली. तुमच्याच दाजींनी न्हेली की, म्हस बांधाय."

कळस म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचं, आक्काचं गाव. आक्काच्या सुनेला सातवा महिना होता आणि म्हशीची धार तीच काढायची.

गोठ्यात पेटी दिसली. तिच्या कडीला दावं बांधलेलं होतं.

"सगळे बाहेर व्हा!" मी ओरडलो.

आक्का हसली. "आदी जय भीम तरी घाल. घरात बी सायबीच व्हय?"

"आक्का, बाहेर हो म्हणतोय ना!"

थोरल्या बहिणीवर मी कधी आवाज चढवला नव्हता. तिचं तोंड उतरलं, पण ती सुनेला घेऊन अंगणात गेली.

मी किरणं मोजायचं मीटर पुढं धरून पेटीकडं सरकलो. झडपेवरची उघड-बंदची खूण गंजून गेली होती. झडप उघडी असेल तर काय, हाच विचार डोक्यात होता. अगदी जवळ गेल्यावर टिकटिक जराशी वाढली, तेवढीच. चारही बाजूंनी मीटर फिरवलं. झडप बंद होती. सून बसायची तिथला आकडा तर अंगणातल्याइतकाच होता. मला रडूच यायचं बाकी होतं.

सून दारात आली. "मामा, बाळाला काय व्हनार न्हाय ना?"

"सगळं मर्यादेत आहे," मी म्हणालो. अहवालात मी हेच लिहीत आलोय.

"मर्यादा ऱ्हाऊ द्या. व्हय का न्हाय, तेवडं सांगा."

"काहीही होणार नाही, पोरी."

हे खरं होतं. तिला पटावं म्हणून मी मीटर तिच्या हातात दिलं आणि म्हणालो, "तुझ्या जागेवर जाऊन तूच बघ."

एक हात पोटावर ठेवून ती गेली. आकडा हलला नाही. तिला हायसं वाटलं असावं, कारण नीट बघायला ती आणखी पुढं झाली आणि पेटीवर वाकली. टिकटिक वाढली. मघाशी मी ऐकली होती, तेवढीच.

"बास! मागं ये!" मी किंचाळलो.

ती थांबली. मीटरकडं तिनं बघितलंच नाही, माझ्या तोंडाकडं बघत राहिली.