द्राक्षाच्या सालांची दोन पोती

गाव सोडलं त्या दिवशी आई मला पोचवायला मुरबाडच्या स्टँडपर्यंत आली होती. म्हशाजवळच्या आमच्या गावातून आम्ही पहिल्या गाडीने निघालो होतो. पुढे शहापूर, तिथे हायवेला उभं राहून नाशिकची गाडी पकडायची, असा बेत. आईच्या डोक्यावर नव्या तांदळाचं गाठोडं, माझ्या हातात बॅग, बॅगेत बीएस्सीचं सर्टिफिकेट. शहापूरची गाडी लागली, मी खिडकीशी बसलो, आणि तीन आठवडे जो प्रश्न मी चुकवत होतो तो आईने खालून विचारलाच.

"कंपनी कसली रे, सांगितलंस नाय."

"रसाची," मी म्हणालो. "द्राक्षाचा रस काढतात."

"मंग बरं हाय. रसात काय वायट नाय."

गाडी हलली. आई हात हलवत राहिली आणि मी किन्हवली येईपर्यंत मान वर केली नाही.

हे सगळं आता लिहायचं कारण, गावात राहिलेल्या तुम्हा मंडळींनी आणि माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांनीही आमच्या बैलाची गोष्ट ऐकलेली आहे. प्रत्येकाने तिला आपल्या पदरचं काहीतरी जोडलं आहे. परवा कल्याणला एका लग्नात मला ती अशी ऐकायला मिळाली, की त्यात बैल गात होता. म्हटलं, एकदा खरं काय ते आपणच सांगून टाकावं.

कंपनी वाइनची होती, दिंडोरीच्या बाजूला, नुकतीच सुरू झालेली. दोन हजार साल उलटलं होतं आणि त्या पट्ट्यात बागाईतदारांच्या तोंडी वाइनशिवाय विषय नव्हता. इकडे आमची आई गावच्या महिला मंडळाची अध्यक्ष. बाबा गेल्यावर शेत एकटीने सांभाळून तिने वीसेक बायका गोळा केल्या आणि ओढ्याकाठच्या हातभट्ट्या फोडल्या. त्यापायी शिव्या खाल्ल्या. भाताची उडवी पेटवून देऊ, अशा धमक्या ऐकल्या. "माज्या दारात त्याचा वास नाय पायजे," एवढंच ती म्हणायची आणि पुढच्या भट्टीवर जायची. अशा बाईचा मुलगा दारूच्या कंपनीत, हे गावाला कळलं असतं तर तिला मंडळात तोंड दाखवायला जागा उरली नसती. तिने मला सोलून काढलं असतं तर मी सोसलं असतं. माझ्यामुळे तिची मान खाली जाईल, ही धास्ती मात्र मला सोसत नव्हती.

पहिल्याच दिवशी वाइनमेकर सरांनी आम्हा नव्या पोरांच्या हातावर एकेक काळं द्राक्ष ठेवलं. रसाचा रंग कोणता, विचारलं. सगळे म्हणाले, काळा, नाहीतर लाल. सर म्हणाले, साल न चोळता दाबा. रस निघाला तो जवळजवळ पाण्यासारखा. लाल वाइनचा सगळा रंग सालाचा, तिचा तुरटपणाही बराचसा सालाचा. म्हणून लाल वाइन करताना रस सालांसकट टाकीत ठेवायचा आणि पांढरी करताना सालं आधीच बाजूला काढायची. मी बीएस्सी झालेला माणूस, पण हे मला ठाऊक नव्हतं. इतकी वर्षं मी सालं थुंकत आलो होतो.

सर परदेशात शिकून आलेले, त्यांचं सगळं इंग्रजीत. टाकीतला रस फसफसायला लागला की सालं वर येऊन त्यांचा जाड थर बसतो. सर त्याला 'कॅप' म्हणायचे. दिवसातून तीन-चार वेळा लांब दांड्याच्या फळीने तो थर रसात दाबायचा, हे माझं काम. थर चांगला हातभर जाड, वर हात धरला तर उबदार. मी एकदा सहज म्हणालो, "सर, ही तर गोधडी आहे." झालं, तेव्हापासून टाकीवर सगळे गोधडीच म्हणायला लागले. पुढे सर स्वतः विचारायचे, "गोधडी दाबली का?" आज तिथे लागणाऱ्या नव्या पोरांना हा शब्द कंपनीचाच वाटतो. टॅनिन म्हणजे काय, हे बाकीच्यांना मीच समजावलं होतं, कच्चं जांभूळ खाल्ल्यावर जिभेचं जे होतं ते.

एक शब्द मात्र मला जमत नव्हता. सालं पिळून काढल्यावर जे उरतं त्याला तिथली माणसं 'चोथा' म्हणायची आणि भिंतीपलीकडे ढीग टाकायची. आमच्या घरात असं टाकायचं काही नसायचं. भाताचं तूस चुलीला, कोंडा कोंबड्यांना, नारळाचं सोडण भांडी घासायला. मोड आलेले वाल सोलले की त्यांची सालं म्हशीच्या आंबोणात. प्रत्येक सालाला वेगळं नाव आणि प्रत्येकाला काही ना काही काम. चोथा म्हटलं की विषय संपतो. मला तो ढीग बघून दर वेळी आईची आठवण यायची, आणि लगेच मी नजर वळवायचो.

कारण मी दोन संसार चालवत होतो. लाल वाइनच्या दिवसांत शर्टावर जांभळे डाग पडतात, ते काही केल्या जात नाहीत. म्हणून गावी जायचे दोन शर्ट मी वेगळे ठेवले होते. नखांतला रंग लिंबाने घासून काढायचा आणि मगच गाडीत बसायचं. आई हात हातात घेऊन म्हणायची, "रसाच्या कंपनीत हात बाकी चांगलं ऱ्हातात रे." मी हसायचो. तीन वर्षं हसलो.

तिसऱ्या वर्षी, म्हशाची जत्रा झाल्यावर महिनाभराने, ती दिंडोरीतली माझी खोली बघायला आली. त्याच जत्रेत तिने नवा बैल घेतला होता, ढवळ्या. दोन दिवस तिचं दुसरं बोलणं नव्हतं. मी तिला देवळात नेलं, बाजारात नेलं, नाशिकला गोदेवर नेलं, कंपनीकडे तेवढं नेलं नाही. तिसऱ्या दिवशी मी कामावर असताना ती माझा विसरलेला डबा घेऊन, कंपनीचं नुसतं नाव विचारत विचारत आली. आत आली नाही. डबा वॉचमनजवळ दिला आणि जाता जाता भिंतीपलीकडचा ढीग तिला दिसला. वॉचमनने सांगितलं, द्राक्षाची सालं आहेत, फुकट आहेत, न्या हवी तर. एवढं सगळं द्राक्षाचं साल फेकून दिलेलं बघून शेतकरी बाईला राहवेल कसं? आंबूस वास आला, पण रस काढलेलं साल आंबणारच, असं तिला वाटलं. तिने त्याच्याकडून दोन रिकामी पोती मागून घेतली, गच्च भरली, तोंडं शिवली आणि येणाऱ्या टेम्पोत टाकून आणली. मी खोलीवर परतलो तेव्हा पोती दाराशी उभी होती.

"ढवळ्याला हुतील," ती म्हणाली.

तेव्हा मी सांगायला हवं होतं. ही सालं पंधरा दिवस टाकीत आंबली आहेत, बैलाला घालू नकोस, एवढं तरी. पण ते सांगायचं तर मागचं सगळं सांगावं लागणार होतं. "थोडी थोडी घाल," इतकंच माझ्या तोंडून निघालं. दुसऱ्या दिवशी मी स्वतः ती पोती एसटीच्या टपावर चढवली.

पुढचं मी पाहिलेलं नाही, जनाकाकीकडून ऐकलेलं आहे. जनाकाकी म्हणजे मंडळाचं नाक. भट्टी कुठे लागली आहे हे ती वाऱ्यावरून सांगायची. आईने पोती दोन दिवस पडवीत तशीच ठेवली. तिसऱ्या दिवशी सकाळी ढवळ्यापुढे भरली टोपली ओतली. त्याने चाटून पुसून खाल्ली, म्हणून आणखी एक. दुपारी आमच्याच अंगणात मंडळाची मीटिंग, विषय होता ओढ्यापलीकडे लागलेली नवी भट्टी. आई बोलायला उभी राहिली आणि मागून ढवळ्या खुंटा उपटून आला. पुढचे पाय एकीकडे, मागचे दुसरीकडे. बायका उठून पळाल्या. जनाकाकीचं गुडघ्याचं दुखणं, तिला उठता आलं नाही. ढवळ्याने तिच्या खांद्यावर हनुवटी टेकवली, तिच्या तोंडावर एक लांबलचक ढेकर दिली आणि तिथेच बसकण मारली.

"गो," जनाकाकी म्हणाली, "याच्या तोंडाला वास येतोय."

वासावरून बायका पडवीत गेल्या आणि पोत्यांपाशी थांबल्या. गाणंबिणं काही झालं नाही.

कंपनीच्या ऑफिसात मला फोन आला. आई गावच्या एसटीडीवरून बोलत होती.

"घरी ये."

"काय झालं?"

"बैल पिलाय," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

होतो तसाच निघालो. अंगात कामाचा डागाळलेला शर्ट होता हे कसारा घाट उतरताना लक्षात आलं. मुक्काम शहापुरात एका मित्राकडे केला आणि सकाळची गाडी धरली. वाटभर सबबी जुळवत होतो, एकही धड जुळेना.

आई खळ्यात होती. ताडपत्रीवर सालं पसरून उन्हात वाळवत होती. ढवळ्या आंब्याखाली बांधलेला, डोळे मिटून रवंथ करत होता.

"बैल कसा हाय?" मी विचारलं.

"उटलाय. सारका पानी मागतोय." तिने वर बघितलं नाही.

"आई, ती कंपनी..."

"वास कलतो रे मला. तू पितोस?"

"चाखायला लागतं कदी कदी. चाखून थुकतो."

"थुकायला पगार देतात तुला?"

मला हसू आलं, पण तोंडातल्या तोंडात विरलं. आई ताठ उभी राहिली.

"बैलाचं काय नाय. मुकं जनावर हाय, घातलं ते खाल्लं. तू मला तीन वरसं रस पाजलास, त्याचं काय?"

मी खळ्यात उभ्याउभ्या रडलो. लाज वाटत होती आणि त्याच वेळी छातीवरचा धोंडा उतरल्यासारखंही वाटत होतं. दोन्ही खरं होतं.

"रडू नको, बस इथं. ही सालं उलटी कर," ती म्हणाली.

आम्ही दोघं सालं उलटत बसलो. ती एकेक विचारत गेली आणि मी सांगत गेलो. काळ्या द्राक्षाचा पांढरा रस, टाकीवरची गोधडी, फळी, सर. तिने एक साल अंगठ्यावर चोळलं. अंगठा जांभळा झाला.

"रंग हाय की अजून. मंग फेकता कशाला?"

"आमचं काम झालं की फेकतात."

"तुमचं झालं असंल," ती म्हणाली. "भाताच्या राबाला हुतील."

तिन्हीसांजेला तिने स्वतःहून मंडळ बोलावलं. नको म्हणून मी विनवणी केली, तिने ऐकलं नाही. मला दारात उभं केलं, डागांच्या शर्टासकट, आणि म्हणाली, "माजा पोरगा वाइनच्या कंपनीत हाय. मला ते आवाडलंय असं नाय. पन मी लपवनार नाय. उद्या कुनी बोललं, तर म्हना, हाय, आमाला तिनंच सांगितलंय. अध्यक्ष दुसरी कुनी करा. भट्टी फोडायला मी मागनं येईन."

आणि ती आपली जागा सोडून उंबऱ्याशी जाऊन बसली. तिने मिळवलेलं सगळं माझ्यामुळे जातंय, हे मी दारात उभा राहून बघत होतो. मग जनाकाकी खाकरली.

"आदी बैलाला आवर, मंग राजीनामा दे," ती म्हणाली. "आमचं घरवाले पिऊन आले तेवा आमाला कुनी काडलं नाय मंडलातनं. तुजा तर बैल हाय. ये हिकडं, बस."

बायका जोरात हसल्या. आई हसली नाही, पण उठून परत आपल्या जागेवर जाऊन बसली. त्याच आठवड्यात ओढ्यापलीकडची भट्टी फुटली.

या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. माझा नाशिकला फ्लॅट आहे, मुलं तिथलीच झाली, माझ्या बोलण्यातही देशावरचा हेल आलाय असं आई म्हणते. तिने वाइन कधी चाखली नाही आणि मी कधी विचारलं नाही. दर वर्षी लालचं काम आटपलं की मी सालं कडकडीत वाळवून घेतो आणि पोती गावी नेतो. भाताची रोपं टाकायची जागा भाजायला शेण, पाला आणि गवताचा राब रचतात, त्यात आई ती पसरते आणि पेटवते. रोपं बरी येतात, असं तिचं म्हणणं. बैलाच्या पुढ्यात मात्र एक साल पडू देत नाही.

गावचे म्हणून मी आता वेगळे शर्ट ठेवत नाही. घर म्हणजे माझ्यापुरतं एवढंच उरलं आहे, की तिथे जाताना नखं घासावी लागत नाहीत. पोचलो की आई पहिल्यांदा अंगातला शर्ट उतरवायला लावते, दगडावर आपटून धुते आणि मागच्या परसात नाही, पुढे रस्त्याच्या बाजूच्या तारेवर वाळत घालते. जाणारे-येणारे बघतात.

"डाग निघाला नाय," या खेपेला मी म्हणालो.

"नाय निघाला," ती म्हणाली. "सुकलाय का बघ."