पेंढारी आडनावाचा ताप

किस्से कुणी मुद्दाम जमवत नाही. शिंप्याच्या दुकानात चिंध्या साठतात, तसे ते साठतात. त्यात आमचं आडनाव पेंढारी! म्हणजे रोज नवी चिंधी.

आठवीत सरांनी इतिहासाचा धडा वाचला. पेंढारी म्हणजे फौजेमागून येऊन गावं लुटणारे घोडेस्वार. अख्खा वर्ग माझ्याकडे वळला. शेजारच्याने तर डबा छातीशी धरला! पुढच्या वर्षी शाळा सोडून मी काकांच्या शिलाईच्या दुकानात बसलो. कारण वेगळं होतं, पण अजून कुणाला पटत नाही.

आमच्याच समाजातले एक रिटायर्ड लेक्चरर पँट अल्टर करायला येतात. एकदा म्हणाले, "पेंढाऱ्यांना पगार नसायचा. लूट हीच कमाई."

आमचे कटर बसप्पा कात्री न थांबवता म्हणाले, "अय्यो, त्यांना लूट तरी होती की!"

काका ते ऐकून चिडले. "पेंढा आणणारे ते पेंढारी. घोड्यांना गवत पुरवायचे. सज्जन लोक!"

भजनी मंडळाचे विठूअण्णा तिथेच बसलेले. "छे! पंढरीचे ते पेंढारी."

लेक्चरर म्हणाले, "पिंड नावाची दारू होती. ती पिणारे ते पेंढारी."

"यांची पँट शिवायची नाही!" अण्णांनी बजावलं. दुकान आमचं, हुकूम अण्णांचा!

मग कृष्णराजनगरचं स्थळ आलं. सुमतीला मी देवळात पाहिलं होतं. दुसरी कुणी नकोच, असं मनात ठरलेलं. तिच्या वडिलांचं म्हणणं एवढंच की, आडनावाचा नीट खुलासा हवा. आमच्यात बोलणी करायला तीन वडीलधारे जातात. निघाले कोण? नेमके हेच तिघं! त्यांच्यामागून मीही सुमतीच्या घरी पोचलो.

"पेंढा," काका म्हणाले.

"पंढरी!" अण्णा.

"दारू," लेक्चरर.

अर्धा तास तेच. उप्पीट गार झालं. अण्णांनी टोपी आपटली. सुमतीचे वडील दाराकडे बघायला लागले, आणि मी स्वतःच्या पायांकडे.

सुमती काफी घेऊन आली. म्हणाली, "गाव लुटायला जातानाही असंच भांडायचे काय तुमचे लोक?"

माझ्याच तोंडून निघालं, "बहुतेक. म्हणून तर शिलाईला लागले."

तिचे वडील तिच्याकडे वळले. "मग, काय सांगू यांना?"

"हो सांगा, अप्पा. पण पुढची बोलणी ह्यांच्याशीच करा. त्या तिघांना आणखी काफी द्या."