आभाराच्या पानावरच्या वन्सं

इतिहासाच्या बाईंनी उमेदीची वर्षं एका शब्दामागे घालवली: ‘इतर’. जुन्या टेलिफोन ऑफिसातल्या एका फोटोखाली लिहिलं होतं, ‘मोठे साहेब, हेडक्लार्क व इतर’. हे इतर म्हणजे फोन जोडून देणाऱ्या अकरा बायका. बाईंनी नऊ वर्षं लोकांचे जिने झिजवून अकराही जणींची नावं शोधली. इतिहास बायकांना पुसत नाही, नुसता ‘इतर’मध्ये ढकलतो, असा सिद्धांत मांडला. दूरदूरच्या विद्यापीठांत त्यावर चर्चा झडल्या. घरी मात्र बाईंच्या देखरेखीखाली दूध हमखास उतू जाई.

पुस्तक टाइप करायला घेतलं थोरल्या नणंदेनं. वन्संची एकतीस वर्षं कोर्टात टायपिस्ट म्हणून गेलेली. टाइप करता करता त्या मजकुराचीही झडती घ्यायच्या. ‘बोलण्यास बंदी असल्याने या स्त्रिया मूक राहिल्या’ या वाक्याला त्या फसकन हसल्या. म्हणाल्या, बंदी आमच्याकडेही होती. साहेब खोलीतून उठले की दाराजवळची टायपिस्ट मशीनची घंटी दोनदा वाजवायची, की आमच्या गप्पा बंद. बाईंनी लगेच वही काढली. अकरांपैकी हयात असलेल्या दोघींना जाऊन विचारलं, तर त्यांचीही अशीच खूण निघाली. तिसरं प्रकरण मुळापासून बदललं.

शेवटी प्रस्तावना आली. मार्गदर्शकांपासून ग्रंथपालापर्यंत सगळ्यांची नावं घेऊन बाईंनी लिहिलं, ‘टंकलेखन वगैरे कामी मदत करणाऱ्या इतर सर्वांचे आभार.’

वन्संनी ते बिनचूक टाइप केलं. फक्त समासात पेन्सिलीनं विचारलं: ‘फोटो जोडू का?’

बाईंचे कान लाल झाले. कागद घेऊन त्या वन्संच्या खोलीत गेल्या. पानंच्या पानं लिहिणारी बाई तीन शब्दांत आटोपली.

“वन्सं, चुकलंच माझं.”

“चुकलंच. आता नुसतं नाव नको घालूस. घंटी कुणी सांगितली, तेही लिही. आणि आडनाव माझं नोकरीला लागतानाचं घाल.”

तसं छापलं गेलं. प्रकाशनाच्या संध्याकाळी विद्यार्थिनींनी वन्संना गराडा घातला, घंटीचं विचारून विचारून भंडावलं. वन्संही रंगात येऊन सांगत सुटल्या, चार गोष्टी पदरच्या घालून. बाई वन्संची पर्स आणि स्वेटर सांभाळत तासभर जिन्यावर बसून होत्या. पर्समधल्या पावतीच्या पाठीवर त्यांनी त्या चारही गोष्टी टिपून घेतल्या. तपासून बघायला हव्या होत्या.