रुखवतातला मोर आणि माझे हलके नूडल्स

आधी हातातला चहा खाली ठेवा. मागच्या वेळी हे सांगत होतो तेव्हा वानखडेच्या नाकातून चहा आला होता, आणि तो तर प्रत्यक्ष प्रसंगाला हजर होता! आता माझी अब्रू काही उरलेली नाही, त्यामुळे सांगायला माझं काय जातंय? पण हसायचं ते शेवटी हसा. मधे हसलात तर मी उठून जाईन.

तर झालं असं, की आमच्या डॉक्टरांनी माझं तेल बंद केलं.

आता आम्ही पडलो बुलढाण्याची माणसं. आमच्याकडे कोंबडी म्हणजे तर्री. रश्श्यावर तेलाचा लालभडक थर तरंगला पाहिजे, बोट बुडवलं तर बोट लाल निघालं पाहिजे. ती तर्री नसेल तर आमच्याकडे पाहुणा जेवतो, पण बाहेर जाऊन चार लोकांत बोलतो. मी डॉक्टरांना विचारलं, "साहेब, तेल कमी करायचं का?"

"बंद करायचं."

"नाही, म्हणजे वर जे तरंगतं ते..."

"तेच बंद करायचं!"

मग काय! रोज दोडके, गिलके, मुगाची पातळ डाळ. ऑफिसात माझा डबा उघडला की लोक दुःखात सहभागी व्हायचे. अशा वाईट काळात एके दिवशी मोबाईलवर एक बाई दिसल्या. पांढऱ्याशुभ्र किचनमध्ये उभ्या राहून त्या म्हणत होत्या, "आज करू या हलके पीनट चिकन नूडल्स!" तेल चमचाभर. चिकन नुसतं उकडलेलं. आणि रस्सा कशाचा? भाजलेल्या शेंगदाण्यांचा! दाणे वाटायचे, लसूण, आलं, लिंबू, जरा सोया सॉस, आणि चिकन उकडलेल्या पाण्यानं ते पातळ करायचं. झालं!

मी उठून बसलो. अहो, शेंगदाण्याचं कूट तर आमच्या घरात मिठाआधी संपतं. आपला माणूस भेटल्यासारखं वाटलं मला.

आता अडचण एकच. आमच्या मंदाच्या, म्हणजे बायकोच्या, स्वयंपाकघरात कोंबडी येत नाही. ती माळकरी माहेरची. आमच्याकडे कोंबडी शिजते मागच्या अंगणात, तीन विटांच्या चुलीवर, वेगळ्या गंजात, म्हणजे पातेल्यात, आणि शिजवायची मी. आणि त्यात घरात लग्न! माझ्या थोरल्या भावाची मुलगी, पल्लवी, तिचं लग्न आठवड्यावर आलेलं. दादा-वहिनी राहतात वडनेर भोलजीला, पण मंगल कार्यालय ठरवलेलं आमच्या घरापासून दोन गल्ल्यांवर. म्हणजे एकदा का सगळे माझ्याकडे उतरले आणि देवक बसलं, की कोंबडीचं नावसुद्धा काढायचं नाही.

पण देवक अजून बसलं नव्हतं! म्हणजे कायदेशीर अडचण नव्हती.

इथे तुम्हाला वहिनींची एक गोष्ट सांगितली पाहिजे, नाहीतर पुढचं कळणार नाही. पल्लवीची सासरची माणसं अकोल्याची. लग्न ठरवायच्या बैठकीत मुलाच्या आई सहज बोलून गेल्या, "रुखवताचं टेन्शन घेऊ नका हो. आजकाल सगळं विकतचंच मांडतात." त्या बिचाऱ्या चांगल्या मनानं बोलल्या. पण वहिनींना ते लागलं. भर बैठकीत त्या म्हणाल्या, "आमच्या पोरीचं रुखवत हातचंच राहीन. एक पापड विकतचा दिसला तर सांगा." आणि तेव्हापासून वहिनी कामाला लागल्या. पापड, कुरडया, सांडगे, आणि सगळ्यांच्या मधोमध ठेवायला म्हणून शेवयांचा एक मोर. त्या मोराबद्दल मी ऐकलं होतं. पण रुखवत म्हणजे बायकांचा विषय, आपण फक्त मान डोलवायची. मला वाटलं मोर भरतकामाचा असेल!

रविवारी सकाळी वहिनी आणि मंदा शेगावला निघाल्या, लग्नाची पत्रिका महाराजांच्या पायाशी ठेवायला. वहिनी सामान घेऊन आदल्या दिवशीच आल्या होत्या, मी तेव्हा ऑफिसात. निघताना मंदा म्हणाली, "मागच्या खोलीचं दार लावून ठेवा. उंदीर शिरून राह्यले."

"हाव," मी म्हणालो. माझ्या डोक्यात कोंबडी होती.

त्या गेल्या, आणि मी वानखडेला फोन लावला. वानखडे माझा शाळेपासूनचा दोस्त, आता स्वतःच शाळेत मास्तर आहे.

"दुपारी ये. चिकन करून राह्यलो."

"तुले तर बंद आहे ना बे?"

"हलकं आहे. शेंगदाण्याच्या रश्श्यातले चिकन नूडल्स."

तर म्हणतो, "तब्येत बरी आहे ना तुही?"

मी चिडलो. म्हटलं याला असं खाऊ घालतो की बोटं चाटत बसेल. दाणे भाजले, चोळले, अंगणात उभं राहून टरफलं फुंकली. ती सगळी माझ्याच डोक्यावर आली, ते सोडा. मिक्सरमधून वाटून घेतले आणि तेवढ्यात लाईट गेली. म्हटलं नशीब पाहा, नेमकं काम झाल्यावर गेली! चिकन उकडलं, तुकडे केले, रस्सा चुलीवर रटरटायला लागला. वास असा सुटला की शेजारचं मांजर भिंतीवर येऊन बसलं.

मग दुसऱ्या गंजात नूडल्स टाकले. पाकिटावर लिहिलं होतं किती वेळ उकळायचे ते, पण अक्षर मुंगीएवढं आणि चष्मा आत. मी आपल्या अंदाजानं भात शिजवतो तसे शिजवले. झाकण उघडलं तर आत नूडल्स नव्हतेच! खळ झाली होती, लग्नपत्रिकांची पाकिटं चिकटवायची खळ.

आणि फाटकावर वानखडेची फटफटी वाजली.

आता मला सांगा, तुम्ही काय केलं असतं? दुकान बंद, रस्सा तयार, दोस्त दारात. एकदम डोक्यात आलं, नूडल्स म्हणजे आहे तरी काय? गव्हाच्या शेवया! आणि उन्हाळ्यात आपल्या भागात कोणाच्या घरी शेवया नसतात? मंदा दर साली करते. मागच्या खोलीतच ठेवते.

मागच्या खोलीला खिडकी नाही, त्यात लाईट नाही. चाचपडत गेलो. खाटेवर एक मोठी परात, तिच्यावर पातळ फडकं. हात घातला, शेवया! आणि काय शेवया, केसासारख्या बारीक. म्हटलं यंदा मंदाचा हात चांगला बसला. परात उचलली आणि तशीच अंगणात आणली. थोड्या पिवळ्या होत्या, थोड्या हिरव्या. हळद, पालक घातला असेल म्हटलं, आजकाल हिलाही नवीन काहीतरी लागतं. गंजाचं तोंड लहान, शेवया मोठ्या वेटोळ्यांच्या. मी त्या कडाकड मोडल्या आणि घातल्या उकळत्या पाण्यात.

तुमच्या लक्षात आलंय, मला दिसतंय. माझ्या आलं नव्हतं.

आणि खरं सांगतो, जमले! दाण्याचा दाट रस्सा, लिंबाचा आंबटपणा, मऊ चिकन आणि त्यात त्या शेवया. तेल दिसत नव्हतं आणि तरी चव होती! वानखडेनं पहिला घास घेतला, दुसरा घेतला, मग बोलणंच बंद केलं. दुसऱ्यांदा वाढून घेताना मधेच थांबला आणि तोंडातून काहीतरी काढलं.

"लवंग. बाप्पा, पुरा विचार करून मसाला टाकून राह्यला तू!"

मी लवंग टाकली नव्हती. पण स्तुती होत असताना माणूस खोलात जातो का? मी नुसता हसलो. विनयानं.

आणि तेवढ्यात पुढच्या दारातून आवाज आला. मंदा आणि वहिनी! गर्दी कमी होती, दर्शन लवकर झालं. हातात प्रसाद, कपाळाला अबीर, दोघी सरळ मागच्या अंगणाच्या दारात.

"काय बेत आहे भाऊजी?" वहिनी कौतुकानं म्हणाल्या.

मी बोलायच्या आत वानखडे उत्साहानं ओरडला, "वहिनी, नूडल्स! यानं स्वतः केले! पाहा तरी, रंगीत आहेत!" आणि चमच्यानं हे एवढं लांब हिरवं उचलून दाखवलं.

वहिनींनी ते पाहिलं. मग चुलीजवळची रिकामी परात पाहिली. मग माझ्याकडे पाहिलं.

"मोर," त्या म्हणाल्या.

"कोंबडी आहे वहिनी," वानखडे म्हणाला.

"मोर होता तो! त्या लवंगीचा डोळा केला होता मी!"

वानखडेनं ताटाच्या कडेला ठेवलेली लवंग पाहिली आणि ताट खाली ठेवलं. मास्तर माणूस, पण चप्पल न घालता पळाला हो! फटफटी चालू झाल्याचा आवाज आला तेव्हा कुठे मला कळलं की आता मी एकटा आहे.

मंदा म्हणाली, "मी म्हणलं होतं ना, उंदीर शिरून राह्यले म्हणून! आता सांगा, उंदीर कोण निघाला?"

वहिनी पायरीवर बसल्या. एरवी आठवडाभर पुरेल एवढं त्या एका दमात रागावू शकतात, पण त्या दिवशी रागावल्या नाहीत. उजवं मनगट दाबत म्हणाल्या, "शेवया वळून वळून हात सुजला माहा. आता नाई होत माह्याच्यानं. त्या बाईसमोर मी काय मांडू भाऊजी? मधातली जागा खाली ठेवू?"

मला तोंड दाखवायला जागा राहिली नाही. ज्या वहिनींनी मी कॉलेजात असताना माझे डबे भरून दिले, त्यांच्या शब्दाचा मी शेंगदाण्यात घालून फडशा पाडला होता. मी म्हटलं, "वहिनी, विकत आणतो. कोणाला कळणार नाही."

तेव्हा मात्र त्या उठल्या! "विकत? उद्या सकाळी आंघोळ करा अन् पाटावर बसा. शेवयाची थोडी सोजी उरली आहे. ज्यानं मोर खाल्ला, तोच मोर करन!"

सोमवारी मी ऑफिसला रजा टाकली. कारण काय लिहिलं ते विचारू नका. ओट्यावर तिरपा पाट लावलेला, त्याच्या वरच्या टोकाला मी, समोर सोजीचा गोळा, आणि भोवती गल्लीतल्या झाडून सगळ्या बायका. शेवई करायची म्हणजे तळहातानं पीठ पाटावर लांबवत न्यायचं, आणि खालून एकीनं तार झेलायची. वहिनींच्या हातून ते पाण्यासारखं वाहतं. माझ्या हातून आधी काहीच आलं नाही, आणि मग एकदम जे आलं ते पाहून शेजारची काकू म्हणाली, "भाऊ, याच्यावर कपडे वाळू घालता येतीन."

"जोर नका लावू!" वहिनी म्हणायच्या. जोर नाही लावला की तुटायची. लावला की कासरा!

संध्याकाळी कंबर धरून उठलो. मोर तयार झाला होता. मान आखूड, पोट मोठं, शेपूट तर फुटलंच नाही. सगळ्या जणींनी तो चारी बाजूंनी फिरून पाहिला. मग वहिनी म्हणाल्या, "कोंबडीच केली शेवटी!" आणि अशा हसल्या, अशा हसल्या, की त्यांना पाणी द्यावं लागलं. त्या हसल्या तेव्हा माझ्या जिवात जीव आला.

लग्नाच्या दिवशी रुखवताच्या मधोमध माझी ती कोंबडी. मी खांबाआड उभा. मुलाच्या आई एकेक वस्तू पाहत आल्या आणि तिथे थांबल्या. वाकून पाहिलं. "हे कोणी केलं?"

वहिनी नुसत्या पदर सावरू लागल्या. पण पल्लवी, नवरीच्या वेशात, ठसक्यात म्हणाली, "माह्या काकानं. दिवसभर पाटावर बसून स्वतःच्या हातानं केलं माह्यासाठी."

बाईंनी गालावर हात ठेवला. "पुरुष माणसानं? शेवया?" मग वहिनींचे दोन्ही हात धरले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या, "विहीणबाई, असं रुखवत मी जन्मात पाहिलं नाही!"

वहिनींची मान अशी ताठ झाली ना, की मी खांबाआडून बाहेर आलो. जरा मिशीवरून हातही फिरवला. म्हटलं, निस्तरलं सगळं. सुटलो!

पुढच्या आठवड्यात अकोल्याहून जेवणाचं बोलावणं आलं. आम्ही सगळे गेलो. मला मधला पाट, समोर रांगोळी. मुलाच्या आई स्वतः भलामोठा वाडगा घेऊन आल्या आणि म्हणाल्या, "भाऊ, तुमच्या हातच्या शेवयांची खीर. खास तुमच्यासाठी राखून ठेवली."

पहिला घास घेतला आणि कळलं. ती शेवई बाहेरून शिजली होती, आतून सोमवारसारखीच होती. मी चावतोय, चावतोय, कानशिलं दुखायला लागली, आणि समोर विहीणबाई हात जोडून उभ्या. "संकोच करू नका हो. पातेलंभर आहे. आमच्याकडे कोणाला चावलीच नाही!"

मी नको म्हणायला हात वर केला. तोंड भरलेलं, त्यामुळे बोलता येईना. शेजारी बसलेल्या वहिनींनी माझा हात प्रेमानं खाली दाबला, आणि तुपाची वाटी माझ्या वाडग्यात उपडी करत म्हणाल्या, "वाढा विहीणबाई, वाढा. आमच्या भाऊजीले शेवया लय आवडते. घरात दिसल्या की राहवत नाई त्यायले."