जुन्या टाक्यांची जागा

"पयला सिझर काय नॉर्मल?"

कुठलीही बाई भेटली की आमच्या डॉक्टरबाईंचा पहिला प्रश्न हा. नाव, गाव, नवरा काय करतो, हे सगळं नंतर. दवाखान्यात विचारला तर समजू शकतो, ते त्यांचं कामच होतं. पण त्या हा प्रश्न डिचोलीच्या बाजारात भाजीवालीच्या टोपलीवर वाकूनही विचारायच्या. लग्नाच्या मांडवातही विचारायच्या. एकदा त्यांनी तो नवरीच्या करवलीला विचारला आणि तिचं स्वतःचंच लग्न अजून व्हायचं होतं. मी मागून त्यांची ओढणी ओढली.

"बाई, तेचा लगीन नाय झाला अजून!"

"मगे काय झाला? पुढे कामाक येतला तेका," म्हणून बाई पुढच्या बाईकडे वळल्या.

मी त्यांच्या दवाखान्यात नर्स होते. नार्व्याहून सकाळची बस पकडायची आणि डिचोलीला उतरून धावायचं, कारण बाई माझ्या आधी हजर असायच्या. त्या मूळच्या पेडण्याच्या, बोलणंही तिकडचं. चालणं मात्र कुठल्याच गावचं नव्हतं. चहा त्या फिरत फिरत प्यायच्या, जेवण खिडकीशी उभं राहून उरकायच्या आणि त्यांच्या खुर्चीवर दिवसभर त्यांची पर्स बसलेली असायची. तुमच्याही ओळखीत असं एखादं माणूस असेल, ज्याच्या नुसत्या जवळ उभं राहून आपल्याला धाप लागते. मी कितीदा तरी मनात म्हणायची, देवा, ह्या बाईला एक दिवस तरी स्वस्थ बसव.

त्या प्रश्नामागे कारण होतं. सिझरमध्ये पोटाबरोबर गर्भाशयही उघडतात आणि शिवतात. तो व्रण भरून येतो, पण ती जागा पहिल्यासारखी राहतेच असं नाही. पुढच्या वेळी गर्भ क्वचित कधी वर पोकळीत न रुजता नेमका त्या जुन्या टाक्यांच्या जागी रुजतो. बाईंनी शिकत असताना अशी एक बाई पाहिली होती. तिचं काय झालं ते त्यांनी मला कधीच सांगितलं नाही. "एकदा बघलंय, परत बघूक नको," एवढंच म्हणायच्या.

म्हणून सिझर झालेल्या प्रत्येकीला घरी सोडताना त्या दारापर्यंत जाऊन बजावायच्या, "पाळी चुकली की पेढे मागीर. आधी माज्याकडे." बायका माना डोलवायच्या आणि घरी जाऊन विसरायच्या. आपल्याकडे तिसरा महिना लागेपर्यंत दिवस राहिल्याचं कोणाला सांगत नाहीत, तर डॉक्टरला कोण सांगणार? ह्या एका रिवाजावर बाईंचा भारी राग.

"लोकांक सांगू नका गो! मी काय लोक?"

मनीषा आली त्या दिवशी माझं आणि बाईंचं सकाळीच वाजलं होतं, हातमोजे कुठे ठेवले ह्यावरून. मुलीच्या वेळी मनीषाचं सिझर बाईंनीच केलेलं. ती मुलगी आता बालवाडीत जात होती. मनीषाला पुन्हा दिवस राहिले होते, दोन महिने होत आले होते आणि कपड्याला जरासं लाल लागलं म्हणून सासू तिला घेऊन आली होती. पोटात दुखत नव्हतं, चक्कर नव्हती. सासूच्या पिशवीत पेढ्यांचा पुडा होता.

"दोन म्हयने? आणि आता येतंस?" बाई कडाडल्या.

"तिसरो लागाक नाय तर कसा सांगतला, बाई? दिष्ट लागता."

"माजी दिष्ट लागूंदे गो मावशे! ती लागाकच व्हयी!"

असं ओरडत, हसत त्यांनी मनीषाला टेबलावर घेतलं आणि सोनोग्राफी सुरू केली. तोंड चालूच होतं, आणि मध्येच ते थांबलं. मी पडद्याकडे पाहिलं. इतक्या वर्षांत मलाही थोडंफार कळायला लागलं होतं. वर गर्भाशयाची पोकळी रिकामी होती. गर्भ पार खाली, पुढच्या अंगाला, जुन्या टाक्यांच्या जागी, मूत्राशयाला खेटून बसला होता. मधली भिंत पापडाइतकी उरली होती. भोवती रक्ताचा लाल-निळा प्रवाह सळसळत होता. आणि आत ठोका पडत होता, अगदी छान.

बाईंनी मनीषाच्या अंगावर चादर ओढली, तिच्या खांद्यावर थोपटलं आणि बाहेर व्हरांड्यात जाऊन फेऱ्या मारायला लागल्या. मी मागोमाग गेले.

"गर्भ खाली उतरलो, पडता आसा, असा समजान कोणी पिशवी साफ करूक घेतली तर रगात थांबूचा नाय," त्या म्हणाल्या. मला सांगत होत्या की स्वतःला, कोण जाणे. "आणि असाच ठेवलो तर कधी फुटात ता सांगूक येना नाय. आज, फाल्यां, पंधरा दिसांनी."

मग त्यांनी पणजीकडच्या मोठ्या हॉस्पिटलात फोन लावला. तिथे त्यांच्याच हाताखाली शिकलेला एक डॉक्टर होता. "पेशंट घेऊन येतंय. रक्ताची सोय करून ठेव. उद्या नाय रे, आता," म्हणून त्यांनी फोन ठेवला.

सांगायची वेळ आली तेव्हा बाई सासूकडे वळल्या.

"मावशे, तुमचा शेत आसा मा?"

"आसा मगे. न्हंयच्या कडेक."

"तरवो तू शेतात लावतंस, काय मेरेत?"

न्हंय म्हणजे नदी, मेर म्हणजे शेताचा बांध आणि तरवो म्हणजे भाताची रोपं. सासू म्हणाली, "मेरेत कोण लावतलो?"

"ह्यो मेरेत रुजलो. जुने टाके म्हंजे मेर. मुळां थंय गेली. वाढलो की मेर फुटतली आणि शेतच व्हावान जातला."

मला वाटलं, काय सुंदर सांगितलं बाईंनी. सासूने थोडा विचार केला आणि म्हणाली, "मगे थंयसून काढा आणि शेतात लावा. आमी तरवो उपटून लावतोंच मा?"

  बाई हळू म्हणाल्या, "ता माका येना नाय, मावशे. कोणाकच येना नाय."

मनीषा तोवर उठून बसली होती. "पण ठोके आसत मा?"

दुसऱ्या कोणी पडदा फिरवून ठेवला असता. बाईंनी तिला परत आडवं केलं, पडदा तिच्याकडे वळवला आणि दाखवलं. "आसत. मी खोटां सांगूचंय नाय. बरे पडतत. पण ह्येका ठेवलो तर तू रवशीत ह्येची खात्री माका नाय. आता गेलों तर सुयेन औषध घालून भागात. उशीर केलो तर सगळीच पिशवी काढूची लागात, आणि तरीय रगात हातात रवात काय नाय ता सांगूक येना नाय."

मनीषा त्या पडद्याकडे पाहत राहिली. सासू उठली आणि म्हणाली, "देवाक विचारल्याशिवाय मी सून हलवूचंय नाय."

तुम्हाला कौल ठाऊक असेल. मूर्तीला ओल्या पाकळ्या लावायच्या, प्रश्न घालायचा आणि वाट बघत बसायचं. उजवी पडली तर एक उत्तर, डावी पडली तर दुसरं. आता बाई भडकणार म्हणून मी दार लावून घेतलं, बाहेर पेशंट होते. पण बाईंनी पर्समधून गाडीची किल्ली काढली. "तुमचो गाव पणजीच्या वाटेवरच आसा मा? चला. वाटेत विचारूया."

सासूने तिथूनच मोबाइलवरून भटजींना सांगितलं. गाडी बाई चालवत होत्या. मी मागे मनीषाचं मनगट धरून नाडी बघत होते. आम्ही देवळाशी पोचलो तोवर मनीषाचा नवरा कारखान्यातून मोटारसायकलवर आला होता आणि पाकळ्या लावून झाल्या होत्या. गर्भ ठेवायचा की नाही, असा सरळ प्रश्न घातला होता.

पाकळी हलेना. कधी ती हात बाजूला व्हायच्या आत पडते, कधी सकाळची दुपार होते. सासू खांबाशी हात जोडून बसली. नवरा फरशीकडे बघत होता. आणि बाई देवळाभोवती फिरत होत्या. त्यांनी तेव्हा ज्या प्रदक्षिणा घातल्या त्या कुठल्याही देवाने भक्तीत धरल्या नसतील. मला त्यांचा रागही आला. इतकं सगळं कळत असताना इथे थांबल्याच कशाला, असं वाटत होतं. गाडीत मागच्या सीटवर मनीषा एकटी, आणि तिच्या पोटात काय चाललंय ते कोणालाच दिसत नव्हतं.

एका फेरीत बाई सासूपाशी थांबल्या.

"मावशे, समज, ठेव म्हणून पाकळी पडली, आणि ही पोर वाटेत गेली. मगे तू ह्या देवाक तोंड कसा दाखवतलंस? त्याका कित्याक अडकवतंस? विचारू नको त्याका. सांग. गाऱ्हाणां घाल."

सासूने मान वर केली. कौल घातला की थांबावं लागतं. गाऱ्हाणं घातलं की सांगून वाटेला लागता येतं. हा फरक त्या म्हातारीला आमच्यापेक्षा जास्त कळत होता.  पण ती कुठल्या तोंडाने घालणार? नातवंडाची वाट तीच बघत होती.

तेवढ्यात देवळाच्या दारातच उभ्या असलेल्या गाडीचं दार वाजलं. मनीषा एका हाताने पोट धरून येत होती. मी ओरडले, धावले, पण ती थांबली नाही. देवळाच्या चौकात येऊन उभी राहिली आणि बोलायला लागली.

"बा देवा म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा," भटजी सवयीने म्हणाले.

"जीव तूच दिलंस. जागा चुकली. मी ह्येका वाढवूक शकना नाय."

 देवळात एकच आवाज घुमला, बाईंचा, "व्हय म्हाराजा!"

"माजा एक चेडू घरात वाट बघता. तेच्याकडे माका परत धाड."

ह्यावेळी "व्हय म्हाराजा" सासू म्हणाली. फार बारीक आवाजात, पण म्हणाली. भटजी आत गेले आणि पडायची वाट न बघता त्यांनी पाकळ्या हातानेच उतरवून घेतल्या. असं मी आधी कधी पाहिलं नव्हतं. त्या त्यांनी मनीषाच्या ओंजळीत ठेवल्या आणि म्हणाले, "जा बाय, येळ काढू नको."

त्याच संध्याकाळी हॉस्पिटलात सुईने औषध घातलं. नंतरचे दिवस मनीषापेक्षा बाईंनाच जड गेले. गर्भाचं संप्रेरक रक्तातून उतरतंय का ते पुन्हा पुन्हा तपासायचं होतं. पहिल्या तपासणीत ते उतरण्याऐवजी थोडं चढलं. असं होतं हे बाईंना चांगलं माहीत होतं, आम्हाला त्यांनीच ते शिकवलं होतं. तरी त्या दिवशी त्यांनी लॅबवाल्याला इतके फोन केले की तो मला म्हणाला, सिस्टर, तुमच्या बाईंना सांगा, आकडा मी बनवत नाही. पुढे तो उतरत गेला. टाक्यांच्या जागेची सूज काही महिने दिसत राहिली, मग तीही विरली. गर्भाशय राहिलं आणि मनीषाही राहिली. बाजारात कधी दिसते, लेक आता तिच्या खांद्याला लागते.

बाई मात्र नाहीत. एका सकाळी स्वयंपाकघरात, हातात चहाचा कप असताना गेल्या. बातमी कळली तेव्हा मी बसमध्ये होते आणि मला आधी त्यांचा रागच आला. जाण्याचीसुद्धा घाई केली बाईंनी. आता दवाखान्याच्या जागी मोबाइलचं दुकान आहे. मी दुसरीकडे नोकरी करते. तिथले तरुण डॉक्टर हुशार आहेत, शांतपणे खुर्चीत बसून बोलतात. मला करमत नाही.

पण त्या संध्याकाळचं एक सांगायचं राहिलं.

मनीषाने हट्ट धरला म्हणून बाईंना आणि मला आत येऊ दिलं होतं. सोनोग्राफीचा दांडा बाईंच्या हातात आणि सुई त्यांच्या विद्यार्थ्याच्या. मनीषाला पूर्ण भूल दिली नव्हती. सुई घ्यायच्या आधी तिने बाईंचा हात पकडला.

"बाई, मी डोळे मिटतंय. माका बघूक जमाचा नाय. पण तुमी बघत रवा. तेका कोणीच बघूक नाय, असा नको."

"बघतंय," बाई म्हणाल्या.

सुई गेली. ठोका संथ झाला, अडखळला आणि थांबला. विद्यार्थ्याने खात्री करून घेतली, सुई काढली आणि मशीन बंद करायला हात पुढे केला. बाईंनी त्याचं मनगट धरलं. मी इतकी वर्षं त्यांच्यामागे धावले, पण त्यांना असं स्तब्ध कधी पाहिलं नव्हतं. पडद्यावर आता काहीच हलत नव्हतं, आणि त्यांची नजरही तिथून हलत नव्हती. मला रडू आवरेना.

मनीषाने डोळे न उघडता विचारलं, "गेलो?"

"गेलो गो," बाई म्हणाल्या. "मी अजून बघतंय."