फिरायला निघालेला लोंगर

निर्मळ गावच्या बागवाल्या काकूंनी मला सांभाळून घेतलं. हे आधी लिहिते, मग बाकीचं.

मी लातूरकडची, आठवीत शाळा सुटलेली. चंदनसारला मावसबहिणीकडे राहत होते. छोटी फिल्म काढणाऱ्या एका सरांकडे सामानावर लक्ष ठेवायचं काम मिळालं होतं. ते सुटलं तर गावी परत, असं भावजींनी तोंडावरच सांगितलेलं.

फिल्म गमतीची. केळीचा हिरवागार लोंगर, म्हणजे अख्खा घड, गॉगल लावून, गळ्यात मफलर घालून सायकलच्या कॅरिअरवर फिरायला निघतो. तळं बघतो, समुद्र बघतो, खूश होतो. त्या लोंगराला जपायचं ते मी. मधे काही दिवस शूटिंग नव्हतं. उघडा ठेवला तर सुकेल, या भीतीनं मी तो, सामान ठेवायला घेतलेल्या काकूंच्या खोलीत, पेंढ्यात घातला आणि वर गोणपाटं दाबली.

शूटिंगच्या सकाळी गोणपाट उचललं, तर गोड वास आला. लोंगर पिवळाधमक.

"अगं, पिकत घातलास की!" दारातून काकू म्हणाल्या. "आम्ही अशीच तर पिकवतो."

"काकू, सर हाकलतील मला."

"प्रवासात ऊन लागलं म्हण त्याला."

मला हसू कुठलं येतंय? मी रडायलाच लागले.

बागेत तयार झालेला हिरवा लोंगर एकच होता. नव्या केळीचा पहिला, देवळात वाहायला राखलेला. तो मागायची हिंमत नव्हती. पण काकूंनी कोयता घेतला तेव्हा "नको" म्हणायलाही तोंड उघडलं नाही.

"देवाचा आहे तो!" काका ओरडले.

"देव कुठं पळून जातोय? पोरीला मात्र पाठवून देतील."

सरांनी नव्या लोंगराला गॉगल चढवला. "हा जरा जाडा दिसतोय."

"चार ठिकाणचं खाऊन सुधारलाय," काकू म्हणाल्या. सगळे हसले. माझं काम राहिलं.

मी त्या रिकाम्या केळीकडे बघत उभी होते. एकदा लोंगर उतरला की ते झाड पुन्हा फळ धरत नाही. काकांनी दिवसभर माझ्याकडे पाहिलं नाही.

काकू, मी कधीतरी स्वतः केळ लावीन. तिचा पहिला लोंगर तुमच्या हातात देईन. देवळात तुम्हीच न्या.