कॉम्प्युटरात ठेवलेली लेक

कामरगावच्या स्टँडजवळ माझं डिझाइनचं छोटं दुकान आहे. लग्नपत्रिका, वाढदिवसाचे फ्लेक्स आणि गेलेल्या माणसांचे जुने फोटो नवे करून देणं, ही माझी कामं. या शेवटच्या कामाचा मला भारी गर्व होता. आता ते सांगताना लाज वाटते.

आमच्याकडे फाटका फोटो घरात ठेवत नाहीत. भाजी विकणारी एक मावशी तिच्या वारलेल्या लेकीचा एकुलता एक फोटो घेऊन आली, तो कपाळापासून हनुवटीपर्यंत चिरलेला होता. मी दोन दिवस बसून तो सांधला, मोठा केला, फ्रेममध्ये घालून दिला.

"जुना कायले ठेवतं आता, मावशी?" मीच म्हणालो. "हा फिका पडला तं ये, पुन्हा काढून देतो. माह्या कॉम्प्युटरात हाय तुही पोरगी."

मावशीने फाटका फोटो नदीत सोडला.

पुढे मला नव्या सॉफ्टवेअरची खाज सुटली. विकत घ्यायची ऐपत नव्हती असं नाही, दानत नव्हती. एका दोस्ताने कारंज्याहून पेनड्राइव्हवर चोरीची कॉपी आणून दिली. सोबत सूचना होत्या: आधी अँटिव्हायरस बंद करा, मग ही छोटी फाइल चालवा. चोरानेच कुलूप काढून ठेवायला सांगावं आणि मी मुकाट्याने काढावं, असला तो प्रकार. त्यात बॅकअपची हार्डडिस्क कायम मशीनलाच जोडलेली, कारण काढायचा कंटाळा.

सॉफ्टवेअर झकास चाललं. चार दिवस मी ते येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवलं. पाचव्या दिवशी सकाळी दुकान उघडलं तर एकही फोटो उघडेना. प्रत्येक फाइलच्या नावाला भलतंच शेपूट लागलेलं आणि पडद्यावर पैशांची मागणी. हार्डडिस्कचीही तीच गत. अकोल्याचा जाणकार म्हणाला, पैसे भरले तरी फाइली परत मिळतील याचा भरवसा नाही. मी शटर अर्धं ओढून रडलो.

उन्हाळ्यात मावशी आली. फ्रेम तिने दारासमोर टांगली होती. ऊन लागून चेहरा पार उडाला होता, नुसता निळसर डाग उरला होता.

"तूच म्हनला व्हता, फिका पडला तं ये."

मी सगळं खरं सांगितलं. चोरीची कॉपी, बंद केलेला अँटिव्हायरस, माझा आळस. तिला त्यातलं किती कळलं कोण जाणे. पोरगी आता कॉम्प्युटरात नाही, एवढं मात्र कळलं. तिने शिव्या घातल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. ती खुर्ची ओढून बसली.

"तू तं दोन दिवस तिच्याकडंच पाहून राह्यला व्हता," ती म्हणाली. "सांग बरं, फोटोत तिच्या नाकात चमकी व्हती का? मले काही केल्या आठवून नाही राह्यलं."

मी तो चेहरा मोठा करून करून तुकड्यातुकड्याने जुळवला होता. नाकाशी एक पांढरा ठिपका होता खरा. चिरेचा कचरा समजून तो मीच पुसला होता.

"व्हती, मावशी."

तिने मान हलवली. मग विचारलं, "कोन्त्या बाजूले?"